धाकटी बरणी

माईंच्या स्वयंपाकघरातल्या फळीवर मसाल्याच्या दोन बरण्या असत. थोरलीत वर्षाचा मालवणी मसाला, धाकटीत तळणीचा.

थोरलीचं कौतुक साऱ्या मुलखाला. एप्रिलची उन्हं तापली की अंगणात मिरच्या पडत, देठं खुडताना घरभर ठसके लागत, शेजारपाजारच्या बायका आपापली सुपं घेऊन हजर होत. किलोभर मिरचीला अर्धा किलो धणे, मग बडीशेप, मिरी, लवंग, दालचिनी, मसाला वेलची, चक्रीफूल, दगडफूल, नागकेशर, जायपत्री, हळकुंडं. सगळे जिन्नस एकदम कढईत लोटायचे नाहीत, एकेक करून मंद आचेवर भाजायचे, कारण धणे खमंग होईपर्यंत दगडफुलाचा कोळसा झालेला असतो. कांडपावरून कुटून आणलेला मसाला ऊन असतो. तो जुन्या धोतरावर पसरून निववायचा आणि मगच बरणीत दाबून भरायचा, मधेमधे हिंगाचे खडे घालून. म्हणजे वर्षभर कीड फिरकत नाही.

धाकटीचा असा सोहळा कधी झाला नाही. ब्याडगी मिरची, वासापुरते धणे, थोडी मिरी, हळद, एवढाच तिचा संसार. ब्याडगीच का, तर ती रंगाला गडद आणि तिखटाला बेताची. माईंच्या सासूबाईंनी बरणी ताब्यात देताना एकच नियम घालून दिला होता: थोरलीतला चमचा धाकटीत बुडवायचा नाही.

सासूबाई कारणं देत बसणाऱ्या नव्हत्या. कारण मात्र साधं आहे. मटणात मसाला तासभर रटरटतो. लवंग-दालचिनीला आपला उग्रपणा सोडून रश्शात उतरायला तेवढा वेळ लागतोच. माशाची तुकडी तव्यावर एका अंगावर चारेक मिनिटं असते. तेवढ्यात गरम मसाला एक तर कच्चट राहतो, नाहीतर तव्याला लागून कडू होतो. म्हणून तळणीचा मसाला वेगळा.

तो लावायचीही एक रीत होती. बोटभर जाडीच्या तुकड्यांना आधी मीठ आणि कोकमाचं आगळ चोळून दहा-पंधरा मिनिटं तिरप्या ताटात ठेवायचं. मीठ माशातलं पाणी ओढून घेतं, ते पाणी टाकून द्यायचं. इथे घाई केली तर पुढे मसाला तव्यावर सुटून तेलात जळत राहतो आणि मासा उघडाच शिजतो. पाणी निथळलं की लसणीच्या गोळीत धाकट्या बरणीतला मसाला कालवून हलक्या हाताने लावायचा, वर तांदळाच्या पिठाचं नुसतं पांघरूण, आणि बिडाच्या तव्यावर खोबरेलात तळायचं. किती मसाला? सासूबाईंकडे चमच्याचं माप नव्हतं. बांगड्याच्या पाठीवरचे काळे पट्टे मसाल्यातून दिसले पाहिजेत, हे त्यांचं माप. पट्टे बुजले तर पुसून काढायला लावत.

सिंधुदुर्ग १९९७ साली पर्यटन जिल्हा म्हणून जाहीर झाला, आणि त्यानंतर काही वर्षांनी मालवणहून तारकर्लीकडे जाणाऱ्या रस्त्यावरच्या आपल्या घराच्या ओसरीवर माईंनी चार टेबलं टाकली. खानावळीला पाटी नव्हती, दरपत्रक नव्हतं. पहाटे रापण ओढून झाली की आबा रापणकर टोपली घेऊन मागच्या दाराशी यायचे. तार्ल्या असोत, बांगडे असोत, लेपे असोत, जे असेल ते. कुणी विचारलं, "माई, आज काय?" तर उत्तर ठरलेलं, "आबा हाडतलो ता."

दोन-तीन मोसमांत नाव झालं. मुंबईत हॉटेलात कामाला असलेला पुतण्या बाबल्या गावी परतला आणि गल्ल्यावर बसला. तो हुशार होता, कष्टाळू होता, आणि त्याने खानावळ वाढवली हे नाकारण्यात अर्थ नाही. चाराची बारा टेबलं त्यानेच केली. त्याचं म्हणणं एवढंच होतं, की पुण्या-कोल्हापूरचा माणूस तासन्‌तास गाडीत बसून येतो तो तार्ल्या खायला येत नाही. त्याला सुरमई पाहिजे आणि पापलेट पाहिजे, कुठल्याही महिन्यात आला तरी. समुद्राला हा हिशेब मान्य नसतो. शिवाय १ जून ते ३१ जुलै यांत्रिक होड्यांना मासेमारी बंद. माशांच्या विणीचा तो काळ, आणि नेमका पावसाळी सहलींचाही.

अशाच एका जुलैत चाळीस माणसांची बस दारात लागली. बाबल्याने आदल्या दिवशीच बर्फातली सुरमई आणून ठेवली होती. माईंनी खोका उघडला, तुकडीवर बोट दाबलं. खळगा पडला तो तसाच राहिला.

"ह्या मिया तळूचंय नाय," माई म्हणाल्या.

"काकी, चाळीस माणसां बसली आसत."

मासा नासलेला नव्हता, हे इथे सांगायला हवं. बांगडा, सुरमई, कुपा हे मासे उन्हात पडून राहिले तर त्यांच्यात हिस्टामिन नावाचं द्रव्य तयार होतं. ते तळून जात नाही, मसाल्याने मरत नाही, आणि खाणाऱ्याच्या अंगावर गांधी उठतात. माईंना द्रव्याचं नाव ठाऊक नसलं तरी गांधी ठाऊक होत्या, आणि उन्हात राहिलेला मासा त्यांनी आयुष्यात घरात घेतला नाही. ही सुरमई पकडल्यापासून बर्फात होती. खाल्ली तर अपाय नव्हता. फक्त तिच्यात सुरमई फारशी उरली नव्हती.

माईंनी आगळ दुप्पट घेतलं. हे बरोबरच होतं. माशाला जो हिवस वास येतो तो आंबटाने खरोखर मरतो, कोकणातल्या बायकांना ते पिढ्यान्‌पिढ्या माहीत आहे. लसूणही दुप्पट घेतली. तरी मनाचं समाधान होईना. मग त्यांनी फळीवरची थोरली बरणी काढली आणि त्यातला एक चमचा तळणीच्या मसाल्यात घातला. पट्ट्यांचा प्रश्न नव्हता. सुरमईच्या तुकडीवर कुठले पट्टे दिसणार.

चाळीस माणसांनी ताटं चाटूनपुसून साफ केली. एक बाई स्वयंपाकघराच्या दारापर्यंत आल्या आणि म्हणाल्या, "मावशी, मासे आम्ही खूप ठिकाणी खाल्ले, पण असा मसाला नाही." त्यांना कागदात बांधून थोडा मसाला हवा होता. माईंनी दिला.

शिव्या खाऊन माणूस सुधारतो की नाही याबद्दल मतभेद असतील. कौतुकाने बिघडतो यात मला तरी शंका नाही. त्या दिवशी एका जरी गिऱ्हाइकाने तोंड वाकडं केलं असतं तर तो चमचा पुन्हा थोरल्या बरणीत राहिला असता.

पुढच्या मे महिन्यात धाकटीचा मसाला करायला घेतला तेव्हा माईंनी लवंग आणि दालचिनी त्यात आधीच घातली. दरवेळी थोरली कुठे काढत बसायची? त्यानंतरच्या वर्षी कोल्हापूरकरांना झणका लागतो म्हणून ब्याडगीच्या जोडीला संकेश्वरी आली. मग संकेश्वरी महागली म्हणून पांडी आली, रंगाला कमी आणि तिखटाला जहाल. जहाल झालं ते आवरायला धणे वाढले, धण्यांनी मसाला दाट झाला, दाट मसाला तव्याला लागायला लागला म्हणून तेल वाढलं. बाबल्या म्हणाला, लाल रंग मिळतो बाजारात, चिमूटभर टाकला की काम होतं. माईंनी त्याला खडसावलं. असले रंग आपल्या घरात चालणार नाहीत! त्या रात्री त्यांना आपल्या सचोटीबद्दल फार बरं वाटलं. माणूस एका दाराला कुलूप लावतो आणि त्या समाधानात बाकीची दारं सताड उघडी आहेत हे विसरतो.

तुकडीचं काय झालं तेही पाहण्यासारखं आहे. मसाल्याचा थर जाड झाल्यावर बोटभर जाडीची तुकडी शिजेना. आतला मासा शिजेपर्यंत बाहेरचा मसाला करपायचा. म्हणून तुकडी पातळ कापायला सुरुवात झाली. मग लक्षात आलं, की पातळ तुकडी मसाला आणि रवा लावून ताटात ठेवली की पहिल्याएवढीच भरते. एका माशाच्या बारा तुकड्या होत होत्या त्या अठरा झाल्या. यात कुणी कुणाला फसवायचं ठरवलं नव्हतं. प्रत्येक पायरीला मागच्या पायरीचं सबळ कारण होतं.

गिऱ्हाईक वाढतच होतं. मसाल्याच्या पुड्या निघाल्या, त्यांच्यावर माईंचा फोटो आला. आबांची टोपली मात्र येईनाशी झाली. ते दोनदा आले तेव्हा फ्रीझर भरलेला होता. तिसऱ्यांदा मागच्या दाराशी थांबून म्हणाले, "काय गो माई, माजी टोपली जड झाली?" माईंनी चहा दिला. टोपली घेतली नाही.

मग बोनलेस आलं. शहरातल्या मुलांना काटे काढता येत नाहीत, पालकांना धीर नसतो, आणि बाबल्याच्या फलकावर एक नवी ओळ चढली: सुरमई बोनलेस फ्राय. ती इतकी खपली की पुरवठा होईना.

एके रात्री सगळं आवरल्यावर माई जेवायला बसल्या. ताटात उरलेले दोन-चार बोनलेस तुकडे होते. भाकरीबरोबर खाता खाता त्या म्हणाल्या, "आजची इसवण बरी होती रे." इसवण म्हणजे सुरमईच.

बाबल्या गल्ला मोजत होता. तो मनापासून हसला. "काकी, ती इसवण खय? तो बासा. गेलो महिनोभर तोच चलता." आणि पुढे, यात काकीचा गौरवच आहे अशा समजुतीने, "तुजो मसालो लावलो काय पुठ्ठोय खपतलो."

बासा हा गोड्या पाण्यात पाळायचा मासा. तुकड्यात काटा नाही, वास नाही, आणि फारशी चवही नाही. खाणं म्हणून त्यात वाईट काही नाही, स्वस्तात पोटभर मिळतो. पण नुसत्या वासावरून माशाचं नाव सांगणाऱ्या, टोपलीतला बांगडा सकाळचा की कालचा हे डोळे न उघडता ओळखणाऱ्या बाईने तो इसवण म्हणून खाल्ला होता, आणि बरी होती असंही वर म्हटलं होतं.

माईंनी आरडाओरडा केला नाही. सकाळी उठून बाजारातून ताज्या इसवणीची एक तुकडी आणली, फ्रीझरमधला बासाचा एक तुकडा काढला. दोन्हींना फक्त मीठ लावलं आणि तळलं. इसवण इसवणीसारखी लागली, खारट-गोड, घट्ट, दाताखाली पदर सुटणारी. बासा मऊ लागला, बाकी काही नाही. मग दोन्हींचे आणखी तुकडे घेऊन धाकट्या बरणीतला मसाला लावला, रवा लावला, तळलं, आणि बाबल्याच्या बायकोला सांगितलं, की ताटल्या मागेपुढे कर, मला दाखवू नको. दोन्हीकडचे घास घेतले. पुन्हा घेतले. तिसऱ्यांदा पाणी पिऊन घेतले. ओळखता आलं नाही.

त्याच दिवशी त्यांनी फलकावरचं सुरमई पुसून तिथे बासा लिहायला लावलं. बाबल्या म्हणाला धंदा बसेल. धंदा बसला नाही. बोनलेस बासा फ्राय तितकाच खपला, कुणी एक प्रश्नही विचारला नाही. माईंना खरा धक्का बसला असेल तर तो इथे. लबाडी पुसून टाकली तरी गिऱ्हाईक जागचं हललं नाही, कारण त्याने मासा मागितलाच नव्हता.

मग त्यांनी आबांना निरोप धाडला. आबा काही मनात ठेवणारे नव्हते. दुसऱ्या दिवशी टोपलीभर बांगडे आले, अजून ताठ, डोळे टपोरे, कल्ले लालभडक. माईंनी ब्याडगी, धणे, मिरी, हळद कुटून सासूबाईंच्या वेळचा मसाला पुन्हा केला, पट्टे दिसतील एवढाच लावला आणि दुपारच्या पंगतीला वाढला.

"मावशी, आज मसाला संपला का?" पहिल्याच टेबलावरून आवाज आला. दुसऱ्या टेबलाने लिंबू आणि तिखट मागून घेतलं. एका ताटातले दोन्ही बांगडे अर्धवट परत आले. संध्याकाळी बाबल्याने मोबाइल पुढे केला, कुणीतरी दोनच तारे देऊन लिहिलं होतं, की इथली चव गेली. टोपलीभर बांगड्यांचं नुकसान झालं ते झालंच.

गिऱ्हाइकांचा यात दोष नव्हता. तिखट ही खरं तर चव नव्हे, मिरचीतलं द्रव्य जिभेवरची दाहाची जाणीव चेतवतं, आणि ती रोज रोज चेतवली की बोथट होते. मग तेवढाच दाह व्हायला आणखी मिरची लागते. मुंबई-पुण्यापासून इथपर्यंत वाटेवरच्या प्रत्येक धाब्याने त्यांच्या जिभा बोथट केल्या होत्या आणि शेवटचा हात माईंनी फिरवला होता. अशा जिभेपुढे ताजा बांगडा ठेवायचा म्हणजे ढोल संपल्या संपल्या सनई लावण्यासारखं. ऐकू येणारच नाही.

बाबल्याला वाटलं, काकीचा हट्ट फिटला. माई आठ दिवस काही बोलल्या नाहीत. पुन्हा दाट मसाला, पुन्हा पातळ तुकडी. मग एका सकाळी त्यांनी मसाला तोलायला काटा मागवला, जो त्या घरात कधी नव्हता, आणि धाकट्या बरणीतल्या मसाल्याचं एकेका जिनसाचं वजन एका जुन्या वहीत लिहून काढलं. कुठल्या वर्षी काय शिरलं ते त्यांना बरोबर आठवत होतं. शेवटी शिरलेलं आधी बाहेर काढायचं, असा त्यांनी क्रम लावला. पण एकदम काहीच काढायचं नाही. या पंधरवड्यात पांडी छटाकभर कमी, तेवढी ब्याडगी जास्त. पुढच्या पंधरवड्यात धणे मूठभर कमी. लवंग-दालचिनी गेली तेव्हा तर कुणाच्या ध्यानातही आलं नाही, इतकी ती करपून कडू व्हायला लागली होती. मसाला जसा पातळ होत गेला तशी तुकडी जाड होत गेली. अठराच्या सोळा, सोळाच्या चौदा.

न सांगता वाढवलं होतं, तसंच न सांगता कमी केलं. पहिलं वाईट आणि दुसरं चांगलं कसं, असं कुणी विचारलं तर माझ्याकडे चोख उत्तर नाही. एवढं म्हणता येईल, की पहिल्या वेळी माईंना दर पायरीला फायदा होत होता, या वेळी दर पायरीला तोटा.

तोटा कसा, ते सांगतो. मसाला एका ठरावीक मापाच्या खाली गेल्यावर बर्फातल्या सुरमईचा वास लपेना. इतकी वर्षं मसाला तिची बाजू सांभाळत होता, तो बाजूला झाल्यावर ती उघडी पडली. आगळ वाढवून पाहिलं, मासा आंबट झाला. लसूण वाढवून पाहिली, मग लसूणच लागायला लागली. शेवटी उमगलं, की बरणी निम्मी राहिली तर फ्रीझर पूर्वीसारखा भरून चालणार नाही. मासा बदलावा लागणार. ताजी सुरमई रोज मिळत नाही आणि मिळते तेव्हा तिचा भाव ऐकून हात आखडतो. म्हणजे आबांची टोपली. म्हणजे तार्ल्या, लेपे, मांदेली, पेडवे, आणि ज्या दिवशी रापणीत नुसता कचरा येईल त्या दिवशी काही नाही. म्हणजे बाराऐवजी सात टेबलं. मसाल्यापासून ओढायला सुरुवात केलेला दोरा असा थेट गल्ल्यापर्यंत उसवत गेला.

बाबल्याने दीड वर्ष हे पाहिलं. तो सरळ माणूस होता. एक दिवस म्हणाला, "काकी, माका ह्या जमाचा नाय. मी येगळा करतंय." माईंनी त्याला अडवलं नाही. उलट वही उघडून दाट मसाल्याचं पानच्या पान त्याच्यासमोर धरलं, काय किती ग्रॅम, कशाला किती भाजायचं, सगळं. म्हणाल्या, करायचाच तर नीट कर, पांडी स्वस्त मिळते म्हणून देठांसकट कुटू नकोस. आणि पुड्यांवरचा आपला फोटो तेवढा काढून घेतला.

त्याच रस्त्यावर थोडं पुढे बाबल्याची खानावळ आहे. दिव्यांचा फलक, वीस टेबलं, बाहेर गाड्यांची रांग. सुट्टीच्या दिवशी माणसं नंबर लावून उभी असतात. तो मजेत आहे, मुलीला इंजिनिअरिंगला घातलं आहे, आणि बोनलेसच्या पुढे बासा असंच लिहितो. त्याला काही अद्दल वगैरे घडलेली नाही. जुन्या गोष्टींत अशा माणसाचं शेवटी दिवाळं निघतं. इथे निघालं नाही, त्याला माझा इलाज नाही.

माईंकडे सात टेबलं आहेत, कधी चारच भरतात. आल्या आल्या मसाला कुठला म्हणून विचारणारे आता बाबल्याकडे जातात. माईंकडे येणारे विचारतात, हा कुठला मासा, आणि काट्यांना कुरकुरत का होईना, खातात. बांगड्याच्या तिखल्यात माई ठेचलेली तिरफळं टाकतात, बिया काढून, नुसत्या साली. मिरची या किनाऱ्यावर पोर्तुगीजांच्या गलबतांतून उतरली. त्याआधीही इथे मासे खाल्लेच जात होते, मिरी होती, तिरफळ होतं, आंबटाला कोकम होतं. हे माई कुणाला सांगत नाहीत. त्यांना ते ठाऊक आहे की नाही, कोण जाणे. पण धाकट्या बरणीत मिरचीच्या तुलनेत मिरीचं प्रमाण त्यांनी अलीकडे किंचित वाढवलं आहे. सासूबाईंपेक्षाही एक पाऊल मागे. जून-जुलैत दाराशी पाटी लागते: आज मासे नाहीत, कुळथाची पिठी आणि भाजलेला सुका बांगडा आहे. पाटी वाचून निम्म्या गाड्या पुढे जातात.

बाबल्याला मात्र एक खोड लागली आहे. रात्री गल्ला मोजून, शटर ओढून तो स्कूटर काढतो आणि माईंच्या मागच्या दाराशी येऊन उभा राहतो. स्वतःच्या खानावळीत तो जेवत नाही. जे असेल ते खातो, दोन तार्ल्या, एखादा बांगडा, भात, सोलकढी. हात धुतो. माई पदराला हात पुसत बिल सांगतात.

पहिल्यांदा तो चमकला होता. "काकी, घरच्याकडसून पैशे?"

"तुज्या हय जेवाण गावना नाय म्हणान इलस मा? मगे तू गिऱ्हाईक."

तो देतो. सुट्टे नसले तर माई वहीत लिहून ठेवतात.